डोळे मिटले की जास्तच परकं वाटतं

प्रश्न : आमची ही बडोद्यातली चौथी पिढी. इथे आम्ही 'मराठी', पुण्याला गेलं की 'गुजरातवाले'. दांडिया बाजारातला वाडा विकून फ्लॅटमध्ये आलो, तेव्हापासून तर कुठेच आपलं वाटत नाही. सगळे म्हणतात, आत वळून बघा. पण ध्यानाला बसले की पाचव्या मिनिटाला घालमेल सुरू होते. माझं काय चुकतंय?

उत्तर : डोळे मिटल्याबरोबर तुम्ही आपलेपण शोधायला लागता, ते सापडत नाही आणि मन वाड्याचा हिशेब काढून बसतं. त्यापेक्षा सुरुवात अंगापासून करा.

जागा एक, वेळ एक, रोज १० मिनिटं. जेवणावर बसू नका, पेंग येते. सतरंजीची घडी घालून ३-४ इंचांची बैठक करा. गुडघे कमरेपेक्षा खाली राहिले की पाठ न ताणता सरळ राहते. एरवी पाचव्या मिनिटाला कंबर भरून येते आणि ती चुळबुळ आपल्याला मनाची वाटते. डोळे अर्धवट उघडे ठेवा, नजर हात-दोन हातांवर फरशीवर. ४ आकडे श्वास आत, ६ आकडे बाहेर. श्वास सोडताना हृदयाची गती जराशी उतरते, म्हणून सोडणं लांब. कोंडल्यासारखं झालं तर मोजणं थांबवा.

मग अंगात जे जाणवेल त्याला मनातच एक शब्द द्या : 'जड', 'ऊब', 'टोचतंय'. शब्द तुमच्या घरातलाच हवा. घालमेलीच्या जागी गुजराती 'अकळामण' आला तर येऊ द्या, सुधारू नका. ज्या बोलीला पुण्यात लोक हसतात, ती इथे कुणी न टोकता बोलता येते. आपलेपणाचा पहिला धागा बहुतेक इथेच हाती लागतो.

योगी विष्णू भास्कर लेले यांनी १९०८ च्या सुरुवातीला बडोद्यातच श्रीअरविंदांना सांगितलं होतं, की विचार बाहेरून येताना दिसतील, आत शिरण्याआधीच परतवून लावा. श्रीअरविंदांचं मन तीन दिवसांत शांत झालं. ते माप स्वतःला लावू नका. वाडा आठवला की 'आठवण' म्हणा आणि लक्ष तळपायांवर आणा. पन्नासदा आणावं लागलं तरी बसणं वाया गेलं असं समजू नका.

दोन आठवडे झोप किंवा भूक उडालेली असेल, तर मात्र आधी डॉक्टरांना दाखवा.

उठल्यावर सतरंजी त्याच कोपऱ्यात ठेवा. निदान दीड महिना जागा हलवू नका.