‘ऊर्णनाभ’ म्हणजे कोळीच, पण भिंतीवरचा नव्हे

तुमचा प्रश्न थोडक्यात असा : ‘प्रवचनात “ऊर्णनाभ” हा शब्द ऐकला. शोधल्यावर अर्थ “कोळी” एवढाच मिळाला. मग साधं कोळी का म्हणत नाहीत? आणि मराठीत लिहिताना हा शब्द वापरला तर चालेल का?’

या शब्दाचं मी एक देणं लागतो, म्हणून लिहायला बसलो. पंचेचाळीस-एक वर्षांपूर्वी मी जुन्या नाशकातल्या एका छापखान्यात मुद्रितं तपासायचो. खिळे, म्हणजे शिशाची सुटी अक्षरं, जुळवायचे दिवस होते. पंचवटीतल्या एका वृद्ध शास्त्रीबुवांचं दत्तगुरूंवरचं छोटंसं पुस्तक छपाईला आलं. हस्तलिखितात ‘ऊर्णनाभ’ असं होतं. मला वाटलं, म्हाताऱ्या माणसाचा हात थरथरला असेल, ‘पू’चा ‘ऊ’ झाला असेल. मी ऐटीत ‘पूर्णनाभ’ करून टाकलं. सोळा पानांचा फर्मा छापून वाळतही पडला. बुवा आले, पान पाहिलं. रागावले नाहीत, तेच जास्त लागलं. एवढंच म्हणाले, ‘अहो, नाभी पूर्ण नाही, लोकरीची आहे.’ शेवटी पुस्तकाला शुद्धिपत्र जोडावं लागलं. त्यात एकच नोंद होती, आणि ती माझ्या कर्तृत्वाची.

तर, लोकरीची नाभी. ऊर्णा म्हणजे लोकर. ज्याच्या नाभीत लोकर आहे तो ऊर्णनाभ किंवा ऊर्णनाभि. ज्याच्या नाभीत कमळ तो पद्मनाभ, तसाच हा समास. ऊर्णेतला ‘आ’ समासात आखूड होतो. हिंदीतला लोकरीचा ‘ऊन’ याच ऊर्णेतून आला. आपलं उन्हाळ्यातलं ऊन मात्र ‘उष्ण’पासून आलेलं, त्याचा इथे काही संबंध नाही. बुद्धाच्या बत्तीस महापुरुषलक्षणांतही ऊर्णा आहे, दोन भुवयांमधली केसांची शुभ्र भोवरी. शब्द तोच, जागा वेगळी.

पण ही नाभीही बहुधा मूळची नाही. जुन्या वैदिक भाषेत ‘ऊर्णवाभि’ असं रूप सापडतं. ऋग्वेदात इंद्राने मारलेल्या एका शत्रूचं नाव और्णवाभ आहे, आणि यास्काच्या निरुक्तात, म्हणजे वैदिक शब्दांची व्युत्पत्ती सांगणाऱ्या ग्रंथात, याच नावाच्या एका आचार्याची मतं दिली आहेत. त्यातला ‘वाभ’ म्हणजे विणणारा. ‘विणणे’ या अर्थाचा तो धातू संस्कृतात पुढे वापरातून गेला, युरोपीय भाषांत टिकला; इंग्रजीतले ‘वीव्ह’ आणि ‘वेब’ त्याच घरातले. म्हणजे मुळात हा ‘लोकर विणणारा’. धातूचा अर्थ विसरला गेला तेव्हा लोकांनी जवळचा, ओळखीचा शब्द तिथे बसवला : नाभी. तात्पर्य, माझ्याआधी तीन हजार वर्षांपूर्वी कुणीतरी हीच चूक केली होती. त्याचं शुद्धिपत्र निघालं नाही, उलट तीच नाभी उपनिषदांत जाऊन बसली.

आता ‘कोळी का म्हणत नाहीत’ याबद्दल. मुंडकोपनिषदात विश्व कसं उत्पन्न झालं हे सांगताना म्हटलंय : ‘यथोर्णनाभिः सृजते गृह्णते च’. ऊर्णनाभ जसा तंतू बाहेर सोडतो आणि परत आत घेतो, तसं त्या अक्षर, म्हणजे अविनाशी, तत्त्वापासून हे विश्व होतं. या ओळीतलं सगळं वजन ‘सृजते’ आणि ‘गृह्णते’ या दोन क्रियापदांवर आहे. कुंभाराला मडकं करायला माती बाहेरून आणावी लागते. सुताराला लाकूड लागतं. या प्राण्याला काही आणावं लागत नाही. कारागीरही तोच आणि कच्चा मालही त्याच्याच पोटात. वेदान्ताला जगाचं कारण असंच एकटं, स्वयंपूर्ण हवं होतं, म्हणून हा दृष्टान्त त्यांना इतका प्रिय. गंमत म्हणजे या ओळीवर भाष्य लिहिताना शंकराचार्यांनी ‘ऊर्णनाभि’चा अर्थ ‘लूताकीट’, म्हणजे कोळीच, असा उलगडून सांगितला आहे. तेव्हा शब्द अवघड वाटला म्हणून संकोचू नका.

भागवताच्या अकराव्या स्कंधात अवधूत यदुराजाला आपले चोवीस गुरू सांगतो. आपल्याकडे ते दत्ताचे चोवीस गुरू म्हणून सांगतात. त्या यादीत शेवटून दुसरा ऊर्णनाभि आहे, आणि एकनाथी भागवत या स्कंधावरचंच असल्यामुळे मराठी कीर्तनकाराच्या तोंडी हा शब्द तिथूनच येतो. गोदाकाठी एकमुखी दत्ताच्या देवळाशी मीही तो पुढे अनेकदा ऐकला; दर वेळी कान गरम झाले. यादीतला त्याच्यानंतरचा, शेवटचा गुरू ‘सुपेशकृत्’, म्हणजे आपली मातीचं घर करणारी कुंभारीण माशी. या जातीच्या काही माश्या कोळ्यांना डंख करून लुळं करतात आणि अळ्यांना खायला म्हणून त्या घरात कोंबतात. एका गुरूने दुसऱ्याला असं जेवणात वाढल्याचं कुठल्याही प्रवचनात मी ऐकलेलं नाही.

‘परत घेतो’ हे कवींनी वाढवलेलं नाही, ते खरं आहे. चाकासारखं गोल जाळं विणणारे बरेच कोळी जुनं जाळं खाऊन टाकतात आणि नवं विणतात, काही तर रोज. धाग्यातली प्रथिनं बरीचशी पुन्हा धागा करायला वापरली जातात. भागवताच्या श्लोकात एक तपशील मात्र चुकलाय : तंतू हृदयातून तोंडावाटे निघतो असं तिथे म्हटलं आहे. तंतू खरं तर पोटाच्या मागच्या टोकाला असलेल्या बारीक नळ्यांतून निघतो. तोंडाने तो फक्त खातो. म्हणजे चुकीची का होईना, ‘नाभी’च खऱ्या जागेच्या जास्त जवळ गेली!

नाशिकमध्ये ‘कोळी’ म्हटलं की काय होतं ते पाहा. त्र्यंबक, पेठ, इगतपुरीकडे महादेव कोळी समाज आहे. मासेमारी करणारे कोळी वेगळे. दिंडोरी किंवा पिंपळगावच्या द्राक्षवाल्यापुढे ‘कोळी’ म्हणालात, तर त्याच्या डोळ्यांपुढे आठ पायांची जाळी विणणारी स्वारी येतच नाही. तो पहिला प्रश्न विचारतो, ‘लाल का?’ द्राक्षाच्या पानाखाली बसून रस शोषणारी ती सूक्ष्म कीड. नातं दूरचं खरं, अष्टपाद वर्गातली, आणि पानाखाली बारीक जाळंही करते, पण तो आपला कोळी नव्हे. कृषी सेवा केंद्रात मिळणारं ‘कोळीनाशक’ तिच्यासाठी असतं. माझ्या मेहुण्याची बाग आहे. ‘कोळ्यापासून विश्व झालं’ हे उपनिषदवाक्य मी त्याला एकदा मराठीत ऐकवलं. तो म्हणाला, ‘आमचं तर कोळ्यापायी गेलं.’

म्हणून तत्त्वज्ञानाच्या गप्पांत ऊर्णनाभ ठेवलेला बरा. त्याला दुसरा अर्थ चिकटलेला नाही. (एक अपवाद : महाभारतात धृतराष्ट्राच्या शंभर मुलांच्या यादीत एक ऊर्णनाभ आहे. शंभर नावं शोधताना बापाची दमछाक झाली असणार.)

अमरकोश या जुन्या संस्कृत कोशात कोळ्याचे समानार्थी शब्द एकाच ओळीत आहेत : लूता, तन्तुवाय, ऊर्णनाभ, मर्कटक. म्हणायला समानार्थी, पण प्रत्येक शब्द त्या प्राण्याकडे वेगळ्या बाजूने पाहतो. मर्कटकापासून हिंदीची मकडी झाली. तन्तुवाय म्हणजे विणकरही, तेव्हा येवल्याच्या पैठणी विणणाऱ्यालाही तोच शब्द शोभेल. कोकणात कोळ्याला कांतीण म्हणतात, ती कातणारी. विणण्याच्या आधी कातावं लागतं, हे कोकणाने बरोबर हेरलंय.

मला सगळ्यांत रस आहे तो लूता या शब्दात, कारण तो आपण रोज वापरतो आणि आपल्याला पत्ता नसतो. सुश्रुतसंहिता या आयुर्वेदाच्या ग्रंथात, विषांवरच्या कल्पस्थान या भागात, कथा आहे : विश्वामित्राने वसिष्ठांची गाय न्यायचा प्रयत्न केला तेव्हा वसिष्ठ इतके संतापले, की त्यांच्या कपाळावरचा घाम खाली कापलेल्या गवतावर पडला आणि त्यातून विषारी कोळी जन्मले. कापलेलं म्हणजे ‘लून’, म्हणून त्या लूता. सुश्रुताने त्यांचे सोळा प्रकार सांगितलेत, आठ कष्टाने बरे होणारे आणि आठ असाध्य. व्युत्पत्ती म्हणून ही कथा मी काही मान्य करणार नाही, पण त्या काळी कोळ्याची आठवण कशाशी जोडलेली होती ते तिच्यातून कळतं : फोड, चट्टे, पू. पुढे लूता हे कोळ्याबरोबर कातडीच्या रोगाचंही नाव झालं. आणि मराठीत उरलं ते फक्त रोगाचं : लूत. ‘लूत भरलेलं कुत्रं’ म्हणताना आपण कोळ्याचंच नाव घेत असतो. लहानपणी अंगावर रात्रीत आग होणारा लाल पट्टा उठला की आजी म्हणायची, ‘कोळी मुतला.’ पुष्कळदा हे पट्टे अंगावर चिरडलेल्या एका छोट्या भुंग्याच्या रसाने उठतात. कोळी बिचारा सुश्रुतापासून फुकट बदनाम आहे.

आता वापराचं. ‘माळ्यावर ऊर्णनाभांची जाळी झाली होती’ असं लिहू नका, वाचणारा हसेल. तिथे कोळिष्टकं आणि जळमटंच हवीत. शिवाय घरातली जळमटं म्हणजे सोडून दिलेली, धूळ धरलेली जाळी; धागा परत आत घेतलेलाच नाही, तर ऊर्णनाभ कशाचा? ‘सावकार ऊर्णनाभासारखा टपून बसला’ हेही नको. टपणं, पकडणं, रक्त शोषणं ही कोळ्याची कामं, तिथे कोळी म्हणा. ऊर्णनाभ तिथे शोभतो जिथे एखाद्याने स्वतःमधून काही पसरलं आणि स्वतःच आवरून घेतलं. ‘बापूंनी गावात पाच संस्था काढल्या आणि जाण्याआधी एकेक करून पाचही आवरल्या, ऊर्णनाभाप्रमाणे.’ हे वाक्य मला चालेल.

आणि एक चूक चांगल्या चांगल्या लेखकांकडून होते, मी आयुष्यभर ती लाल शाईने खोडत आलो : ‘आपणच विणलेल्या जाळ्यात अडकलेला ऊर्णनाभ’. तो अडकत नाही हो! गोल जाळ्यातले मधून बाहेर जाणारे आरे बहुतेक चिकट नसतात, त्यांवरून तो आरामात फिरतो. चिकट असतो तो गोलगोल फिरत जाणारा धागा. बृहदारण्यक उपनिषदात तर कोळी आपल्याच तंतूवरून वर चढत जातो असा दृष्टान्त आहे, म्हणजे धागा ही त्याची वाट आहे. स्वतःच्या धाग्यात स्वतःला कोंडून घेणाऱ्यासाठी संस्कृतात वेगळा प्राणी नेमलेला आहे, कोशकार, म्हणजे रेशमाचा किडा. तो कोश विणतो आणि बहुधा त्यातच उकळला जातो. येवल्याची पैठणी त्याच्याच जिवावर उभी आहे. संसारात गुरफटलेला जीव कोशकार, संसार मांडून मोडणारा ईश्वर ऊर्णनाभ. या दोघांची अदलाबदल केली तर सगळा वेदान्त उलटा होतो.

लिहिण्याचं म्हणाल तर ‘ऊ’ दीर्घ, ‘ण’ बाणातला, रफार त्या ‘ण’वर. अकारान्त ‘ऊर्णनाभ’ घेतलात तर ऊर्णनाभाने, ऊर्णनाभाचा असं सरळ चालवा. ‘ऊर्णनाभि’ घेतलात तर मराठीत एकटा लिहिताना कवी, बुद्धी यांच्याप्रमाणे शेवट दीर्घ, ‘ऊर्णनाभी’. समासात पुन्हा ऱ्हस्व, ‘ऊर्णनाभिन्याय’. शब्दकोड्यात ‘कोळी, चार अक्षरी’ असं आलं तर ऊ, र्ण, ना, भ. आणि मोबाइलवर टाइप करणार असाल तर एकदा वाचून मगच पाठवा. माझ्या फोनने हे उत्तर लिहिताना ‘ऊर्ण’च्या जागी दोनदा ‘पूर्ण’ सुचवलं आहे.