लाचेच्या खटल्यातून निर्दोष सुटल्यावर निलंबनकाळाचा पूर्ण पगार मिळतो का?
आपोआप नाही, ताई. साताऱ्याच्या कोर्टातून तुमचे तलाठी भाऊ सुटले, फार बरं वाटलं. पण १९८१ च्या महाराष्ट्र नागरी सेवा नियमांतला नियम ७२ बघा: निलंबन सर्वस्वी असमर्थनीय होतं असं सक्षम अधिकाऱ्याचं (कामावर परत घेण्याचा आदेश देणाऱ्याचं) मत झालं, तरच पूर्ण वेतन. नुसत्या सुटकेनं तो हक्क येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं १९९७ साली महाराष्ट्रातल्याच प्रकरणात सांगितलंय.

म्हणून निकालाची नक्कल काढा नि शेवटची पानं नीट वाचा. आरोपच खोटा ठरवलाय, की 'संशयाचा फायदा' दिलाय, म्हणजे पुरावा पुरेसा नाही म्हणून सोडलंय? सगळं तिथंच अडतं. ती प्रत जोडून त्या अधिकाऱ्याकडे अर्ज द्या, शिक्क्याची पोच घ्या. कमी रक्कम ठरवण्याआधी त्या अधिकाऱ्याला तुमच्या भावाला नोटीस द्यावीच लागते. मुदतीत लेखी उत्तर द्या. निलंबनात मिळालेला निर्वाह भत्ता वजा होईल. आदेश अन्यायाचा वाटला तर वर्षाच्या आत मुंबईला मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जा.