वाचकांचे प्रश्न : दीड पिढीची मुले

प्रश्न : अमेरिकेत स्थायिक झालेल्या कोरियन कुटुंबांत आईवडील मुलांसाठी रात्रंदिवस राबतात, तरीही मोठेपणी मुले त्यांच्यापासून दुरावतात, असे वारंवार वाचनात येते. या मुलांना कृतघ्न म्हणायचे का?

उत्तर : तसे म्हणणे मला अन्यायाचे वाटते. १९६५च्या कायद्याने अमेरिकेने देशवार कोटा रद्द केल्यावर कोरियातून जे लोक गेले, त्यांत पदवीधर पुष्कळ होते. पण इंग्रजी तोकडे आणि मायदेशीच्या पदवीला किंमत नाही, म्हणून अनेकांनी लॉस एंजेलिस, न्यूयॉर्कसारख्या शहरांत किराणा दुकाने किंवा लाँड्र्या काढल्या, त्याही कित्येकदा 'ग्ये'च्या, म्हणजे भिशीच्या पैशांवर. मग घरी आलेले सरकारी पत्र वाचायला, बँकेत आणि डॉक्टरांपुढे बोलायला दहा वर्षांचे मूल पुढे केले जाऊ लागले. वडिलांच्या आजाराचे निदान ज्या मुलीने त्यांना समजावून सांगितले, तिने त्याच संध्याकाळी त्यांच्यासमोर अवाक्षर काढू नये, ही अपेक्षा तिला पेलणार कशी?

खरी मेख मात्र भाषेतच आहे. कोरियनमध्ये समोरच्याचे वय आणि मान पाहून क्रियापदाचे रूप बदलते. इतकेच नव्हे, तर नातवाचे जेवण 'बप' असते आणि आजीचे 'जिंजी'. परदेशात वाढणाऱ्या मुलाच्या कानावर बहुतेक वेळा मोठ्यांनी लहानांशी बोलायची भाषाच तेवढी पडते आणि तीच ते मायेने आजीशी बोलते. आजीला तो उद्धटपणा वाटतो, आईला मेल्याहून मेल्यासारखे होते. मुलाचे काय चुकले हे सहसा कोणी उघड सांगत नाही, कारण 'नुन्ची', म्हणजे समोरच्याच्या मनातले न सांगता ओळखणे, हे चांगल्या वळणाचे लक्षण मानले जाते. शाळेत मात्र त्याला मनातले स्पष्ट बोलायलाच शिकवलेले असते.

लहानपणी परदेशी आलेल्या अशा मुलांना कोरियन लोक 'इल्जॉम ओ से' म्हणतात, म्हणजे दीड पिढी. २९ एप्रिल १९९२ रोजी लॉस एंजेलिसमध्ये दंगल उसळली आणि कोरियन मालकीच्या २,००० हून अधिक दुकानांची हानी झाली, तेव्हा इंग्रजी न येणाऱ्या आईवडिलांची बाजू जाहीरपणे मांडायला याच पिढीतले तरुण पुढे आले. लहानपणी गळ्यात पडलेले दुभाष्याचे काम या वेळी त्यांनी आपणहून पत्करले.