एजंटला अडीच लाख देण्याआधी

तुझा मेसेज सावकाश वाचला. वय २२, उंची ६ फूट ४ इंच, मध्य प्रदेशाकडून बास्केटबॉलची सीनियर नॅशनल खेळलास, बी.कॉम. झालं, दिवाळीनंतर स्पोर्ट्स कोट्यातून रेल्वेची ट्रायल आहे, आणि मधेच एक एजंट उगवलाय जो म्हणतो अडीच लाख भर, जर्मनीत क्लब मिळवून देतो. तू विचारतोस, "दादा, येऊ का? प्रोफेशनल म्हणून तिकडे चार-पाच वर्षं तरी निघतील का?"

एजंटचं आधी सांगून टाकतो, म्हणजे पुढचं शांतपणे वाचशील. पैसे देऊ नकोस, एक रुपयासुद्धा. खेळाडूंच्या आंतरराष्ट्रीय बदल्या करणाऱ्या एजंटला फिबाचा, म्हणजे बास्केटबॉलच्या जागतिक संघटनेचा, परवाना लागतो आणि परवानाधारकांची यादी फिबाच्या वेबसाइटवर कुणालाही बघता येते. त्याचं नाव तिथे शोध. खेळाडूच्या पगाराच्या १० टक्क्यांवर त्याला कमिशन घेता येत नाही, तेही करार झाल्यावर, आणि बहुतेक वेळा ते क्लबच भरतो. करार व्हायच्या आधी जो तुझ्याकडे पैसे मागतो, त्याचं उत्पन्न तुझ्यासारख्या पोरांकडूनच येतं. मग तुला क्लब मिळो न मिळो, त्याला काय फरक पडतो? असे 'ट्रायल कॅम्प' मी इथे बघितलेत. भाड्याचा हॉल, तीन दिवस, चाळीस पोरं, आणि प्रेक्षकांत कोच म्हणून बसलेला माणूस मोबाइल बघतोय.

मी इथे जर्मनीच्या हेसेन राज्यात दिवसा नोकरी करतो आणि संध्याकाळी प्रो-बी, म्हणजे तिसऱ्या पातळीच्या लीगमधल्या, एका क्लबची टीम मॅनेजरकी सांभाळतो, हे तुला ठाऊकच आहे. मॅनेजरकी म्हणजे विमानतळावरून खेळाडू आणणं, फ्लॅटची किल्ली देणं, परदेशी नागरिकांच्या कचेरीत त्याच्यासोबत रांगेत उभं राहणं. शिकायला आलो तेव्हा मी स्वतः खालच्या लीगमध्ये हौसेने खेळलो, बस. त्यामुळे जे सांगतोय ते बेंचच्या मागून पाहिलेलं आहे.

जर्मन बास्केटबॉलमध्ये सगळ्यात वर बुंडेसलिगा. तिथे बायर्न म्युनिक, आल्बा बर्लिन असे बडे क्लब. त्याखाली प्रो-ए, मग प्रो-बी, मग रेगिओनाललिगा आणि पुढे गल्लीपर्यंत उतरत जाणाऱ्या लीग. बुंडेसलिगात मॅचच्या बारा जणांत किमान सहा जर्मन असावेच लागतात. प्रो-ए आणि प्रो-बीत नियम कोर्टावरच्या पाचांना लागतो, ठरावीक जर्मन कायम खेळत असायलाच हवेत. म्हणजे आमच्यासारखा क्लब परदेशी घेतो ते दोन किंवा तीन. त्या दोन-तीन जागांसाठी जुलैमध्ये आमच्या कोचच्या मेलवर नावांचा पूर येतो. बहुतेक अमेरिकन कॉलेजमधून निघालेले, उरलेले लिथुआनिया, लाटव्हियाकडचे. शेवटच्यांना तर व्हिसाच नको, युरोपियन युनियनचे नागरिक.

आता तुझी उंची. इंदूरला रेसकोर्स रोडच्या बास्केटबॉल कॉम्प्लेक्सवर तू बास्केटखाली पाठ लावून खेळतोस आणि रिबाउंड तुझेच असतात, मी पाहिलंय. इथे ६-४ म्हणजे गार्ड, बाहेरून बॉल खेळवणारा. आमचा पॉइंट गार्ड तुझ्याएवढा आहे आणि सेंटर ६-१०. म्हणजे तुला डाव्या हातानेही बॉल वर आणता आला पाहिजे, स्क्रीनवरून, म्हणजे साथीदाराने लावलेल्या आडोशावरून, वळताना कॉर्नरमधला मोकळा माणूस दिसला पाहिजे, आणि तोच पास तुला मिळाला तर तीन पॉइंटचा शॉट बिनधास्त मारता आला पाहिजे. बावीसाव्या वर्षी पोझिशन बदलता येते, पण रोज तास-दोन तास एकट्याने हाणावं लागतं, आणि मॅचमध्ये कोच तुला बाहेर खेळू देईल तेव्हाच ते कामाला येतं. मध्य प्रदेशाच्या टीममध्ये तुला आतच ठेवणार. ही अडचण खरी आहे आणि तिला माझ्याकडे सोपा इलाज नाही.

पण समज, तू गार्ड झालास. तरी खरा खोळंबा पासपोर्टचा आहे, आणि हे एजंट सांगणार नाही. जर्मनीत व्यावसायिक खेळाडू म्हणून परवाना हवा असेल तर दोन अटी: खेळाच्या फेडरेशनने तुझ्या दर्जाची खात्री द्यायची, आणि तुझा कपातीआधीचा पगार, पेन्शन विम्याचा हप्ता ज्या कमाल पगारापर्यंत आकारतात त्या मर्यादेच्या निम्मा तरी हवा. २०२५ साली ती मर्यादा महिना ८,०५० युरो होती, म्हणजे निम्मे ४,०२५. प्रो-बीत परदेशी खेळाडूच्या हातात पडतात हजार-दीड हजार, वर फ्लॅट आणि एक जुनी गाडी. जमव हिशेब! अमेरिका, कॅनडा, ऑस्ट्रेलिया, जपान अशा थोड्या देशांच्या नागरिकांना इथे येऊन मग परवान्याचा अर्ज करता येतो आणि त्यांच्यासाठी कायद्यात आणखीही वाटा आहेत. भारत त्या यादीत नाही. तुला आधी मुंबईच्या वकिलातीतून व्हिसा, आणि व्हिसासाठी आधी असा करार जो आमच्या पातळीवरचा क्लब देऊ शकत नाही. जो क्लब देऊ शकतो, त्याला तुझ्याऐवजी अमेरिकन कॉलेजांच्या वरच्या लीगमध्ये, डिव्हिजन वनमध्ये, चार वर्षं खेळलेला माणूस मिळतो. टूरिस्ट म्हणून ये, मग बघू, असं एजंट म्हणाला असेल तर ते बेकायदा आहे आणि पकडला गेलास तर शेंगेनच्या सगळ्या युरोपीय देशांचं दार बंद.

आता ते आयुष्य कसं असतं ते सांगतो, कारण तुझ्या डोक्यात एनबीएचं चित्र आहे. तिथेही गावोगाव फिरणारे असतात. इश स्मिथ तब्बल १३ संघांकडून खेळला, तो विक्रमच आहे, आणि तेराव्या, म्हणजे डेन्व्हरच्या संघाबरोबर २०२३ चं विजेतेपदही त्याला मिळालं. पण त्याला प्रत्येक ठिकाणी एनबीएचा पगार होता. इथल्या जर्नीमनची, म्हणजे अशा फिरत्या खेळाडूची, गोष्ट निराळी.

आमच्याकडे आलेला एक अमेरिकन. आधी कोसोवो, जॉर्जिया, स्पेनची खालची लीग, मग आम्ही. विमानतळावर त्याच्याकडे दोनच बॅगा: एकीत बूट आणि टेप, दुसरीत कपड्यांत गुंडाळलेला राइस कुकर. फ्लॅटवर पोचल्यावर बॅग न उघडता त्याने मोबाइल काढला आणि भिंती, गादी, बाथरूमच्या फुटक्या फरशीचे फोटो घेतले. का, विचारलं तर म्हणाला, मे महिन्यात हेच माझ्या पगारातून कापतात. मग तीन प्रश्न: पगार कुठल्या तारखेला, गाडीला ओरखडा गेला तर किती माझे, आणि इथला फिजिओ आठवड्यातून किती वेळा येतो. टीम कशी आहे हे त्याने चौथ्या दिवशी विचारलं. मला तो फार आवडला. पंचवीस-सव्वीसाव्या वर्षी हे सगळं अंगवळणी पडलेलं असतं, कारण कुठेतरी दोन महिन्यांचा पगार बुडालेला असतो.

करार ऑगस्टच्या मध्यापासून एप्रिल-मेपर्यंत. पुढचे तीन-चार महिने पगार नाही. चांगले असतात ते उन्हाळ्यात कॅनडाच्या सीईबीएलमध्ये किंवा ऑस्ट्रेलियाच्या एनबीएल-वनमध्ये जातात, काही फिलिपीन्सला. उरलेले आईवडिलांच्या घरी जिम मारतात आणि एजंटच्या फोनची वाट बघतात. आठवड्याला एक मॅच, रोज सराव, बाकी वेळ रिकामा. गाव लहान, रविवारी सगळं बंद, डिसेंबरात साडेचारला अंधार. हे कुणी व्हिडिओत दाखवत नाही.

आणि डिसेंबर म्हणजे काटछाटीचा महिना. पाच मॅच हरलो की क्लबला आधी परदेशी खेळाडू दिसतो. ऑफिसात बोलावतात, टेबलावर एक कागद असतो, "परस्पर संमतीने करार समाप्त". जर्मनीत ठरावीक मुदतीचा करार, तसं कलम नसेल तर, मधेच मोडता येत नाही. म्हणूनच तो कागद लागतो. घाबरून जो सही करतो त्याला तिकीट मिळतं आणि हात हलवत जातो. आमच्या एका गार्डने सही केली नाही. कागद घडी करून खिशात टाकला, गाडीची किल्ली टेबलावर ठेवली, म्हणाला सरावाला सायकलने येतो. आठवड्यात दोन महिन्यांच्या पगारावर तडजोड झाली. त्या वेळी मी क्लबच्या बाजूने खोलीत बसलो होतो, पण मनातल्या मनात त्याला शाबासकी दिली. फक्त लक्षात घे, त्याचा पासपोर्ट अमेरिकन होता. तुझा परवाना त्या नोकरीला बांधलेला असणार, ती गेली की परवान्याचं घड्याळ सुरू.

दुखापतीबाबत मात्र जर्मनी बरा. पगारी खेळाडूची दुखापत इथे कामावरचा अपघात धरतात, सरकारी अपघात विमा उपचार करतो, आणि पहिले सहा आठवडे क्लबला पूर्ण पगार द्यावाच लागतो. बाकी अनेक देशांत गुडघा गेला की तिकीट. कुठेही गेलास तरी करारात वादासाठी जिनिव्हाच्या बास्केटबॉल आर्बिट्रल ट्रायब्युनलचं कलम आहे का बघ. त्यांचा निकाल न पाळणाऱ्या क्लबला फिबा नवीन खेळाडू नोंदवू देत नाही, त्यामुळे पैसे सुटतात. उशिरा, पण सुटतात.

आपल्यातले कोण गेले तेही बघ. सतनाम सिंग, ७ फूट २, २०१५ साली एनबीएच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या निवडीत, डॅलसने ५२ व्या क्रमांकावर निवडला. एनबीएची एकही मॅच नाही, डॅलसच्या खालच्या संघात दोन मोसम, पुढे कॅनडात एक, आणि मग अमेरिकेतल्या शो-कुस्तीच्या रिंगणात. अमज्योत सिंग ओक्लाहोमाच्या जी-लीग (एनबीएच्या खालची लीग) संघात, अमृतपाल सिंग ऑस्ट्रेलियाच्या सिडनी किंग्जमध्ये, विशेष भृगुवंशीला तिथल्याच ॲडलेडने बोलावलं, सगळं २०१७ च्या आसपास. हे भारताचे सगळ्यात वरचे खेळाडू, आणि अमज्योत-अमृतपाल तर तुझ्याहून चांगलेच उंच. तरी परदेशात कुणाचं लांबलं नाही. यातला भृगुवंशी मला सगळ्यात शहाणा वाटतो, कारण ओएनजीसीची नोकरी त्याच्या पाठीशी होती.

म्हणून रेल्वेची ट्रायल दे. जीव तोडून दे. तुला ती लहान वाटते हे कळतंय. तुझ्या वयात आपल्या इंदूरच्या पलासियातल्या सगळ्या पोरांना रेल्वे लहान वाटते. पण भारतात बास्केटबॉलवर महिन्याच्या महिन्याला पगार देणारे मुख्यतः रेल्वे, सेना, ओएनजीसी, बँका असेच आहेत. आणि तिथे तुला रोज तुझ्याहून उंच माणसांविरुद्ध सराव मिळेल. पुढे बाहेरचं खरं बोलावणं आलंच, तर खात्याची परवानगी आणि बिनपगारी रजा मागता येते. मिळेलच असं नाही, पण मागता येते. फेडरेशनचं क्लिअरन्स लेटर तर लागणारच, त्याशिवाय फिबात दुसऱ्या देशात नोंदणी होत नाही.

आणि इकडे राहायचंच असेल, बास्केटबॉल हे निमित्त असेल, तर तसं स्वतःशी कबूल कर आणि विद्यार्थी म्हणून ये. एपीएसचं प्रमाणपत्र (तुझी शिक्षणाची कागदपत्रं तपासल्याचं), आणि ब्लॉक्ड अकाउंटमध्ये, म्हणजे महिन्याला ठरावीकच काढता येतात अशा खात्यात, वर्षाचे पैसे: २०२५ साली ११,९०४ युरो, म्हणजे साधारण १२ लाख रुपये. सरकारी विद्यापीठात बहुतेक राज्यांत फी नाही, बाडेन-व्युर्टेम्बर्गमध्ये सेमिस्टरला १,५०० युरो. तीन वर्षांच्या बी.कॉम.वर मास्टर्सला घेतात का हे प्रत्येक विद्यापीठाचं वेगळं, आधी विचार. वर्षाला १४० पूर्ण दिवस काम करता येतं. संध्याकाळी रेगिओनाललिगातल्या क्लबकडे आठवड्यातून तीनदा सराव, शनिवारी मॅच, बूट आणि प्रवास क्लबचा. ६-४ चा, मेहनती, थोडं जर्मन बोलणारा पोरगा तिथे कुणालाही हवा असतो. जर्मन मात्र आतापासून सुरू कर. टाइमआउटमध्ये कोच तुझ्यासाठी इंग्रजीत थांबणार नाही. मामीला सांग, पोहे इथे मिळतात. त्यावरचा जिरावण मसाला मिळत नाही, तो आणावा लागेल.

तू पाठवलेली तीन मिनिटांची रील बघितली. गाणं जोरात, उडी मारून बास्केटमध्ये कोंबलेले डंक तीन, बचाव शून्य. असली रील कोच दहा सेकंदांत बंद करतो. मला दोन पूर्ण मॅच पाठव, त्यातली एक हरलेली. कॅमेरा मधल्या रेषेवरून, सगळा कोर्ट दिसेल असा, आणि तुझा नंबर कळला पाहिजे. आमच्या कोचला दाखवतो, तो गोड बोलणार नाही, जे म्हणेल ते तसंच कळवतो. आणि एजंटने 'प्री-कॉन्ट्रॅक्ट' म्हणून जो कागद दिलाय त्याचा फोटो आज रात्रीच पाठव. सही केली नसशील तर तशीच राहू दे.