'चषकाकृती' म्हणजे काय? हा शब्द कुठे वापरतात?

चषक म्हणजे पेला. तळाशी गोलसर बंद, वर तोंड उघडं आणि आत पोकळी, असा आकार असला की त्याला चषकाकृती म्हणतात. शब्द मुख्यतः वनस्पतिशास्त्रातला. बोलताना 'पेल्यासारखा' पुरेसं आहे.

उत्तम उदाहरण पॉइन्सेटियाचं. त्याची लाल 'फुलं' ही खरं तर रंगीत पानं, म्हणजे छदं. मधोमध हिरवट-पिवळे छोटे पेले दिसतात ना, ते भिंगातून बघाच. प्रत्येक पेल्यात एक स्त्री-फूल आणि भोवती अनेक नर-फुलं. एकेक नर-फूल म्हणजे फक्त एक पुंकेसर! काठाला मधाची पिवळी ग्रंथी. या फुलोऱ्याला 'चषकरूप' म्हणतात. शेर, त्रिधारी निवडुंग यांचाही फुलोरा असाच. ओकच्या फळाचा बुडखा धरणारी वाटीही चषकाकृतीच.

धोत्र्याच्या फुलाला मात्र हे विशेषण लावू नका. ते वर पसरत जातं, म्हणून नसराळ्यासारखं. काठ बाहेर वळलेलं लोंबतं फूल असेल तर घंटाकृती.

विशेषण लिंग-वचनाप्रमाणे बदलत नाही: चषकाकृती फूल, चषकाकृती फुलं.