बरडीवरचे सहा बाजूंचे खांब: आधी आजोबांची गोष्ट उतरवून घ्या

भाऊ, तुमचा प्रश्न काल रात्री वाचला आणि फोटो मोठे करकरून पाहिले. बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगतो. पांढरकवड्याच्या पुढे यांचं गाव. गावाच्या उत्तरेला ई-क्लासची, म्हणजे सरकारी चराईच्या जमिनीतली, बरडी (मुरमाड माळ) आहे. यंदा पांदण रस्त्यासाठी तिथून मुरूम काढताना जेसीबीला खाली एकाला एक चिकटलेले पाच-सहा बाजूंचे दगडी खांब लागले. गावातले एक आजोबा सांगतात, "पांडवाईनं एका रातीत देऊळ बांधाले घेतलं, कोंबडा आरवला, मंग खांब तसेच रायले." कॉलेजातली पोरं म्हणतात, हा ज्वालामुखीचा दगड आहे, देवळाची गोष्ट सोडून द्या. यांनी विचारलंय की खरं काय, आणि हे वाचवायचं तर कोणाकडे जायचं.

दगडाचं आधी सांगतो, कारण तिथं शंका नाही. फोटोत आहे तो स्तंभाकार बेसाल्टच, म्हणजे लाव्हा थंड होऊन झालेला काळा दगड. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी आपल्याकडे जमिनीच्या भेगांतून लाव्हा आला, एकदा नाही, अनेकदा. थरावर थर साचून दख्खनचं पठार तयार झालं. एखादा जाड थर खोलगट जागी साचला की तो सावकाश थंड होतो. थंड होताना आकसतो, आकसताना तडकतो. तलाव आटल्यावर गाळाला भेगा पडतात तशाच या भेगा. पण गाळाची भेग वीतभर जाऊन थांबते. लाव्ह्यात थंडावा जसजसा आत उतरतो तसतशी भेगही त्याच्यामागे उतरत जाते, म्हणून वरच्या जाळीचे खाली खांब होतात. एका ठिकाणाहून तीन भेगा एकमेकींशी सारख्या कोनात फुटल्या की ताण सगळ्यात सोपा सुटतो, त्यामुळे सहा बाजू जास्त दिसतात. पाच आणि सातही भरपूर असतात, क्वचित चारसुद्धा.

पोरांना बरडीवर नेऊन एक गोष्ट दाखवा. माणसानं घडवलेल्या दगडावर छिन्नीचे घाव असतात, आणि दोन दगड कितीही घासूनपुसून बसवले तरी मधे फट राहतेच. इथं एका खांबाची बाजू हीच शेजारच्या खांबाची बाजू आहे, कारण दोघांमधली भेग एकच. तुमच्या तिसऱ्या फोटोत खांबांना आडव्या भेगाही आहेत, बशीसारख्या किंचित खोलगट. त्याही थंड होतानाच्याच. टेप आणि वही घेऊन जा, पन्नास खांब निवडा, प्रत्येकाच्या बाजू आणि रुंदी लिहा. हे काम दहावीची मुलंही नीट करतात, आणि त्या आकड्यांवरून लाव्हा किती सावकाश थंड झाला याचा अंदाज बांधता येतो: जितका सावकाश, तितके खांब जाड.

तुमच्याच यवतमाळ जिल्ह्यात झरी जामणी तालुक्यात शिबला-पारडीकडे २०२१ साली रस्त्याच्या कामात असे खांब उघडे पडले होते, तेव्हा बातम्याही आल्या होत्या. मुंबईत अंधेरीची गिल्बर्ट हिल याच जातीची. कर्नाटकात मालपेसमोरच्या सेंट मेरी बेटांवरचे खांब मात्र वेगळे, आपल्या लाव्ह्याच्या आधीचे, भारत मादागास्करपासून सुटला त्या काळातले. गिल्बर्ट हिलच्या भोवतीचा डोंगर खाणीनं खाऊन टाकला आणि मधे सुमारे ६० मीटरचा सुळका उरला. त्याच्या माथ्यावर गावदेवीचं देऊळ आहे, हे लक्षात ठेवा. पुढे त्याचा संबंध येईल.

आता आजोबांच्या गोष्टीकडे. तुम्ही तिच्याकडे अडचण म्हणून पाहताय असं वाटलं, आणि माझं सगळं म्हणणं इथंच आहे. ती गोष्ट त्या बरडीच्या वारशाचा अर्धा भाग आहे. मी हे भावनेच्या भरात म्हणत नाही, स्वतः एक जागा गमावून शिकलो आहे.

२००९ च्या हिवाळ्यात आमच्या तालुक्यातल्या एका नाल्याच्या काठी मला दोन काळ्या थरांच्या मधे हातभर जाडीचा पांढरट थर दिसला. लाव्ह्याच्या एका लोटानंतर दुसरा येईपर्यंत मधे मोठा काळ गेला होता आणि तेवढ्या काळात तिथं तळं झालं होतं. तळ्यातल्या गोगलगाई, काठावरची झाडं, सगळं गारगोटी होऊन बसलेलं. बोटाच्या पेराएवढ्या गोगलगाई, वळसे मोजता येतील इतक्या साफ. मांडीएवढं एक खोड, आतल्या रेषांसकट. मला राहवलं नाही. ओळखीच्या एका वार्ताहराला घेऊन गेलो आणि नाल्याच्या नावासकट बातमी छापून आली. महिनाभरात लोक हातोड्या घेऊन येऊन गेले, खोडाचे तुकडे कोणाकोणाच्या शोकेसमध्ये गेले. पुढच्या उन्हाळ्यात एका ठेकेदारानं राहिलेला काठ मुरूम म्हणून उचलला. परवाना होता, रॉयल्टी भरलेली होती. त्या कागदांत त्या थराचा उल्लेख कुठंच नव्हता, कारण आम्ही कोणी तो आधी कुठं नोंदवलाच नव्हता.

एक दगड तेवढा राहिला. नाल्याच्या वळणावर मरीमाय म्हणून ज्याला गावातल्या बाया शेंदूर लावतात तो. टिप्परचे ड्रायव्हर त्याच्या दोन्ही बाजूंनी खणून गेले, पण मरीमायला हात लावायची कोणाची छाती झाली नाही. आज मुलांना तिथं नेलं की दाखवायला तोच आहे. शेंदराच्या पुटाखाली एका अंगाला लाकडाच्या रेषा अजून दिसतात. मी त्या बायांना कधी विचारलंच नव्हतं की हा दगड मरीमाय कधी झाला, कोणी आणला. बातमीच्या घाईत ते सुचलं नाही. ज्या म्हातारीला ठाऊक होतं ती २०१२ ला गेली.

म्हणून पोरांना लोणार दाखवा. बुलढाणा जिल्ह्यातलं ते सुमारे १.८ किलोमीटर रुंदीचं विवर. गोष्ट अशी की लवणासुर जमिनीखाली दडून बसला होता, विष्णूनं अंगठ्यानं त्या जागेचं झाकण उडवलं आणि त्याला मारलं. तळ्याचं पाणी हे त्याचं रक्त, क्षार हे त्याचं मांस. भूवैज्ञानिक कितीतरी वर्षं त्या विवराला ज्वालामुखीचं मुख समजत होते. अमेरिकेतल्या गिल्बर्ट यांनी १८९६ मध्येच ते उल्केच्या विवरासारखं दिसतं असं सुचवलं होतं, पण आघाताच्या प्रचंड दाबानं काच झालेलं खनिज खालच्या खडकात सापडल्याचा पुरावा १९७३ मध्ये आला, तेव्हा वाद मिटला. लोणारच्या लोकांना उल्केचं ज्ञान होतं असं मी म्हणणार नाही, तसं म्हणणारे भेटतात आणि ते चूक आहे. पण हा खड्डा साधा नाही, इथं एकदाच काहीतरी भयंकर घडलं, आणि हे पाणी दुसऱ्या पाण्यासारखं नाही, एवढं त्यांनी पाहिलं होतं आणि गोष्टीत बांधून ठेवलं होतं. दैत्यसूदनाचं देऊळ, काठावरची कमळजा देवी, गोमुखाची धार, आइन-ए-अकबरीत आलेला काच आणि साबणाला लागणाऱ्या क्षारांचा उल्लेख, यातलं काही वगळून लोणार सांगता येत नाही. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणानं त्याला राष्ट्रीय भूवैज्ञानिक स्मारक म्हटलं, २०२० मध्ये ते रामसर यादीत, म्हणजे महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या आंतरराष्ट्रीय यादीत गेलं. गिल्बर्ट हिलच्या माथ्यासारखंच इथंही देऊळ आणि दगड दोन्ही आजही एकत्र आहेत.

आणि दोन्हींची नोंद एकाच माणसानं घेणं नवीन नाही, निदान आपल्याकडे तरी. नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप, ज्यांच्या नावाचं कॉलेज आहे ते. त्यांनी नागपूरजवळच्या टाकळीच्या थरांतले जीवाश्म गोळा केले, वरोऱ्याकडच्या पिसदुऱ्याची हाडं जगापुढे आणली, आणि त्याच पायपिटीत गोंडांकडून त्यांच्या पुराणपुरुषाचं, लिंगोचं, गाणंही उतरवून घेतलं. १८६३ च्या सप्टेंबरात टाकळघाटची शिळावर्तुळं पाहून परतताना पुराच्या नाल्यात बुडून ते गेले. त्यांचे कागद १८६६ मध्ये छापले गेले, म्हणून ते गाणं आज वाचता येतं. महादेवानं गुहेत कोंडलेल्या गोंडांना लिंगोनं सोडवल्याची कथा त्यात आहे. गोंदिया जिल्ह्यात सालेकसा तालुक्यातल्या कचारगडच्या गुहेत दर माघ पौर्णिमेला अनेक राज्यांतून गोंड समाज येतो तो याच कथेपायी. आणि पिसदुरा? तिथं वावरात डायनोसोरांच्या काळातल्या शेणाचे दगड झालेले गोळे मिळतात. २००५ मध्ये त्यात गवताचे सूक्ष्म कण सापडले, त्यात धानाच्या कुळाशी नातं सांगणारेही होते. तोवर डायनोसोरांच्या काळी गवत नव्हतंच असं समजत होते. गवताचा तो पुरावा आपल्या चंद्रपूर जिल्ह्यातल्या शेतातून निघाला, हे मला अजूनही दर वेळी सांगताना भरून येतं.

आता कामाचं. पहिली गोष्ट, आजोबांना या आठवड्यात भेटा. फोनवर आवाज मुद्रित करा, त्यांच्याच बोलीत, सुधारू नका. गोष्ट त्यांनी कोणाकडून ऐकली, बरडीला जुनं नाव काय, तिथं कधी पूजा व्हायची का, पोळ्याला किंवा नागपंचमीला कोणी जातं का, लाकूड तोडायला मनाई होती का, हेही विचारा. गावातल्या दोन-तीन म्हाताऱ्या बायांनाही विचारा, त्या वेगळं सांगतात.

दुसरं, खांबांचे फोटो टेप शेजारी ठेवून, तारखेसह, फोनमधलं ठिकाण चालू करून काढा. तलाठ्याकडून गट नंबर घ्या. मग ग्रामसभेत ठराव घ्या. ठरावात दगड आणि गोष्ट दोन्ही लिहा, आणि अमुक गटातून गौण खनिज काढायची परवानगी देऊ नये असं साफ म्हणा. गाव पेसा क्षेत्रात (आदिवासी भागातल्या ग्रामसभांना जादा अधिकार देणारा कायदा लागू असलेल्या भागात) असेल तर ग्रामसभेच्या शिफारशीला कायद्यानंच वजन आहे. ठरावाची प्रत तहसीलदार आणि जिल्हा खनिकर्म अधिकारी या दोघांकडे द्या आणि पोच घ्या. पोच न घेतलेला अर्ज म्हणजे न दिलेला अर्ज. ग्रामपंचायतीची जैवविविधता व्यवस्थापन समिती असेल, कागदावर तरी असेलच, तिच्या लोक जैवविविधता नोंदवहीतही ही जागा चढवा. फोटोंचा संच नागपूरला भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या मध्य क्षेत्र कार्यालयाला आणि विद्यापीठाच्या भूगर्भशास्त्र विभागाला पाठवा. विभागातून कोणी येऊन पाहून गेलं आणि चार ओळी लिहून दिल्या तर तहसीलमध्ये त्याचा फार उपयोग होतो.

कायद्याच्या भरवशावर बसू नका. भूवारसा स्थळांसाठीच्या केंद्राच्या विधेयकाचा मसुदा डिसेंबर २०२२ मध्ये हरकतींसाठी आला होता, कायदा झालेला नाही. आणि पुरातत्त्वाचा १९५८ चा कायदा मुख्यतः माणसानं घडवलेल्या वास्तूंसाठी आहे, निसर्गानं उभ्या केलेल्या खांबांना तो लागत नाही. म्हणून ग्रामसभेचा ठराव हाच सध्या तुमच्या हातातला खरा कागद.

बातमी शेवटी. ठराव झाल्यावर, पोच आल्यावर, आणि तेव्हाही गट नंबर न देता.

एक भीती आहे ती सांगून ठेवतो. ठराव झाला की कोणीतरी म्हणेल, पांडवांची जागा आहे, सभामंडप बांधू, निधी आणतो. क वर्ग पर्यटनस्थळाचं कामही निघेल. वाईट काही नाही, पण खांबांवर सिमेंटचा ओटा, टाइल्स किंवा ऑइल पेंट येऊ देऊ नका. एका ठिकाणी मी हे पाहिलं आहे: अशाच दगडाला भगवा आणि पांढरा पट्टा मारलेला, आता त्याच्या बाजू मोजता येत नाहीत. पूजा करायची तर समोर थोड्या अंतरावर एक दगड मांडा. आजोबांना विचारलंत तर जागा तेच दाखवतील.

टाकलेल्या फोटोंत डाव्या कोपऱ्यात खांबांच्या खाली विटकरी रंगाची माती दिसते. दोन थरांमधला जुना मातीचा थर असावा तो, लाव्ह्यानं भाजलेला. तिथला मुरूम सगळ्यात आधी उचलला जाईल, कारण तो मऊ आहे. जमलं तर उद्या सकाळीच जाऊन त्याचा जवळून एक फोटो काढा. दिवाळीनंतर मला एसटीनं पांढरकवड्यापर्यंत येता येईल, तिथून पुढे तुमच्या गाडीवर.