वाचक विचारतात : 'अरेस्टेड डेव्हलपमेंट'ची पहिली तीन पर्वे

प्रश्न : मुलाच्या आग्रहावरून मी 'अरेस्टेड डेव्हलपमेंट' ही जुनी अमेरिकन विनोदी मालिका पाहायला घेतली आहे. पहिला भाग पाहून झाला. मागे हशा ऐकू येत नाही, कॅमेरा सतत हलत राहतो, निवेदक मध्येच बोलतो आणि घरातला एकही माणूस धड वागत नाही. तरीही जाणकार तिची सुरुवातीची पर्वे डोक्यावर घेतात. त्यांत एवढे काय आहे?
— एक वाचक, सांगली

उत्तर : मुलाचा आग्रह योग्यच आहे, आपण मालिका अर्ध्यावर सोडू नये. मिचेल हरविट्झ यांनी निर्माण केलेली ही मालिका नोव्हेंबर २००३मध्ये फॉक्स वाहिनीवर सुरू झाली. कॅलिफोर्नियातल्या ऑरेंज काउंटीत घरे बांधून विकणारे ब्लूथ कुटुंब तिच्या केंद्रस्थानी आहे. कर्त्या पुरुषाला आर्थिक गैरव्यवहारासाठी अटक होते आणि ऐषारामाला चटावलेली आई, भावंडे व जावई मायकेल या एका मुलाच्या गळ्यात पडतात. आपल्याला खटकलेल्या गोष्टी हेतुपूर्वक केलेल्या आहेत. एखाद्या माहितीपटासारखे चित्रण असल्याने पात्र थाप मारते आणि निवेदक रॉन हॉवर्ड यांचा शांत आवाज पुढच्याच क्षणी ती खोडून काढतो. कोठे हसावे हे सांगणारा हशा नसल्यामुळे दोन वाक्यांमधली जागा मोकळी राहते आणि लेखकांनी ती आणखी विनोदांनी भरली आहे.

तिचे खरे बळ मात्र पेरणीत आहे. दुसऱ्याच भागाकडे नीट लक्ष द्यावे. कुटुंबाच्या मालकीची, चॉकलेटात बुडवलेली गोठवलेली केळी विकणारी एक टपरी असते आणि ती मायकेलचा मुलगा जॉर्ज मायकेल सांभाळत असतो. केळ्यांच्या टपरीत पैसा नेहमीच असतो, असे तुरुंगातला बाप मायकेलला पुन्हा पुन्हा बजावतो. धंदा चालू ठेव, एवढाच अर्थ मायकेल त्यातून काढतो. पुढे बापाचा हुकूम झुगारण्याच्या भरात मायकेल आणि जॉर्ज मायकेल मिळून ती टपरी पेटवून देतात आणि मग कळते, की तिच्या भिंतींत अडीच लाख डॉलर रोख दडवलेले होते. मला या प्रसंगात हसण्याइतकीच कणवही वाटते, कारण आपल्या बापाने आपले कधी ऐकून घेतले नाही हे शल्य बाळगणारा मायकेल स्वतःच्या मुलाचेही क्वचितच ऐकून घेतो, आणि तिन्ही पर्वांत त्याला त्याचा पत्ता नसतो.

काही पेरणी तर कित्येक भागांनंतर उगवते. बस्टर हा आईच्या पदराआड वाढलेला धाकटा मुलगा. त्याची पंजाच्या आकाराची एक जुनी खुर्ची असते. दुसऱ्या पर्वात ती पुन्हा दिसते तेव्हा, आपल्याला एका हाताची एवढी आठवण येईल असे वाटले नव्हते, असे तो म्हणतो आणि आपण ते वाक्य सहज सोडून देतो. त्याच पर्वात पुढे समुद्रातला सील त्याचा एक हात तोडतो. दुसऱ्यांदा पाहताना अशा जागा सापडू लागतात, आणि म्हणूनच पहिल्या दोन-चार भागांवरून या मालिकेचा निवाडा करू नये असे मी आग्रहाने म्हणतो.

दुर्दैव असे, की आठवड्याला एक भाग पाहणाऱ्या आणि मधला एखादा चुकवणाऱ्या प्रेक्षकाला हे धागे जुळवणे कठीण होते. २००४मध्ये सर्वोत्कृष्ट विनोदी मालिकेचा एमी पुरस्कार मिळूनही प्रेक्षकसंख्या वाढली नाही. पहिले पर्व २२ भागांचे होते, दुसरे १८ भागांवर आले आणि तिसरे १३ भागांत आटोपले. शेवटचे चार भाग तर वाहिनीने १० फेब्रुवारी २००६ रोजी, ट्यूरिनच्या हिवाळी ऑलिंपिकच्या उद्घाटनाच्याच रात्री, सलग दाखवून टाकले. इतक्या कसोशीने केलेल्या कामाची अशी बोळवण व्हावी याचे मला आजही वाईट वाटते. डीव्हीडीवर एकामागून एक भाग पाहणे शक्य झाले तेव्हा या लेखनाची गुंफण अनेकांच्या ध्यानात आली.

पाहताना एक पथ्य पाळावे. प्रत्येक भागाच्या अखेरीस 'पुढील भागात' म्हणून काही दृश्ये येतात, ती वगळू नयेत. पुढच्या भागात ती बहुधा दिसतच नाहीत, पण त्यांत घडलेले अनेकदा कथेत घडलेले धरले जाते.

प्रश्न : चौथे पर्व पाहावे का?
— एक वाचक, मडगाव

उत्तर : आधीचे ५३ भाग पाहून झाल्यावर, आणि थोडे थांबून. मे २०१३मध्ये नेटफ्लिक्सवर आलेल्या या पर्वात कलाकारांच्या तारखा जुळत नसल्याने बहुतेक भाग एकेका पात्राभोवती रचावे लागले. ब्लूथ मंडळी एका खोलीत जमून एकमेकांचे बोलणे तोडू लागली की पहिल्या तीन पर्वांना जो वेग येतो, तो येथे फारसा मिळत नाही. २०१८मध्ये याच पर्वाची कालक्रमानुसार पुन्हा जुळवलेली २२ भागांची आवृत्ती आली, परंतु मी मूळ १५ भागांचीच शिफारस करीन, कारण एकच प्रसंग वेगवेगळ्या पात्रांच्या बाजूने हळूहळू उलगडत जाण्याची त्यातली गंमत नव्या जुळणीत पातळ झाली आहे.